चार भाऊ, तीन वाटे

बेळगावात आमच्या लहानपणी कुणी विचित्र वागलं की मोठी माणसं म्हणायची, “ह्याला धारवाडला न्यायला पाहिजे बघ!” तिथं धारवाड म्हणजे पेढे नव्हेत, वेड्यांचं इस्पितळ. ते 1845 सालचं. दोन्ही जिल्हे मुंबई इलाख्यात होते आणि बेळगावकरांना तेच जवळचं.

आमच्याच घरातलं एक माणूस तिथं होतं, हे मला पन्नाशीनंतर कळलं. वंशावळ मांडताना पणजोबांच्या ट्रंकेत 1931 चं मोडीतलं वाटणीपत्र सापडलं. भाऊ चार, वाटे तीन. आयुष्यभर इंजिनिअरिंग केलेल्या माणसाला न जुळणारा हिशेब झोपू देत नाही. खुलासा शेवटच्या कलमात होता: धाकट्यास वेड लागून धारवाडास ठेविले आहे, सबब त्यास वाटा नाही, फक्त अन्नवस्त्र.

ही रीत आमच्या घरानं काढलेली नव्हती. उन्मत्ताला वाटा नाही, पण त्याला पोसावं, हे मनुस्मृतीतच आहे. इंग्रजांनी 1858 मध्ये वेड्यांसंबंधी तीन कायदे केले: 34, 35 आणि 36 क्रमांकांचे. त्यातले पहिले दोन चौकशीचे आणि मालमत्तेच्या व्यवस्थेचे; वेड्यांच्या इस्पितळांचा फक्त तिसरा. 1912 च्या कायद्यात नातेवाइकानं अर्ज करायचा, सोबत दोन वैद्यकीय दाखले जोडायचे आणि मॅजिस्ट्रेटनं हुकूम द्यायचा. माणूस बरा कसा होईल यापेक्षा त्याला ठेवायचं कुठं आणि त्याची मिळकत बघायची कुणी, हाच कायद्याला घोर.

पण हिंदू वारसाहक्कात 1928 साली मोठा बदल झाला. जो जन्मापासूनच वेडा किंवा मतिमंद आहे तो सोडून कुणालाही केवळ आजार किंवा व्यंग यापायी एकत्र कुटुंबातला वाटा नाकारता येणार नाही, असा कायदा आला. आमच्या धाकट्या आजोबांचा मॅट्रिकचा दाखला त्याच ट्रंकेत आहे. म्हणजे ते जन्मापासून वेडे नव्हते. चौथा वाटा त्यांचा होता. कायदा तीन वर्षांपूर्वी बदलला होता, आमचं घर बदललं नव्हतं.

पुढे 1912 चा कायदा जाऊन 1987 चा आला, तो 1993 पासून लागू झाला. ‘वेडा’ शब्द जाऊन ‘मानसिक रुग्ण’ आला. 2017 च्या कायद्यानं रुग्णाला साखळीनं बांधायला बंदी केली, आणि सक्षम न्यायालयानं तसं ठरवल्याशिवाय केवळ मानसिक आजार आहे म्हणून कुणाला विकल मनाचा समजता येणार नाही, असंही म्हटलं. आमच्या वाटणीपत्रात नेमकं तेच समजून घेतलं होतं.

सुधारलेली वंशावळ मी नातेवाइकांना पाठवली. एका काकांचा लगेच फोन आला, “अरे, पोरींची लग्नं व्हायची आहेत. कशाला उकरतोस?” मी म्हटलं, “काका, ज्या जमिनीवर आपण घर बांधलं, त्यात त्यांचा वाटा होता.” काका जरा वेळ गप्प राहिले. मग म्हणाले, “नाव तरी नीट लिही.”

ते लिहिलंय. चौथ्या चौकटीत, मॅट्रिकच्या सालासकट.

तुमच्याही घरी जुनं वाटणीपत्र असेल तर एकदा भाऊ मोजा, मग वाटे मोजा.