अपत्याच्या ताब्याच्या आदेशांचा न्यायालयीन फेरविचार (भारत)

अज्ञान अपत्याचा ताबा, भेटी, शिक्षण व निर्वाहखर्च यांविषयीचा पूर्वीचा आदेश किंवा आईवडिलांचे तडजोडपत्र न्यायालयाने पुन्हा तपासून आवश्यक तेथे बदलणे, यास ताब्याच्या आदेशाचा फेरविचार म्हणतात. भारतीय कायद्यात असे आदेश मालमत्तेच्या वादातील हुकूमनाम्याप्रमाणे कायमचे अंतिम मानले जात नाहीत. मूल वाढते, घरची परिस्थिती पालटते. म्हणून मुलाच्या हिताचा निकष प्रत्येक वेळी नव्याने लावला जातो.

कायदेशीर आधार

हिंदू विवाह अधिनियम, १९५५ च्या कलम २६ नुसार घटस्फोटाच्या हुकूमनाम्यानंतरही न्यायालयाला अर्जावरून मुलांविषयीचे आदेश रद्द, स्थगित किंवा बदलता येतात. विशेष विवाह अधिनियम, १९५४ च्या कलम ३८ मध्येही अशीच तरतूद आहे. पालक व पाल्य अधिनियम, १८९० च्या कलम १७ नुसार पालक नेमताना मुलाचे वय, लिंग, धर्म, नियोजित पालकाचे चारित्र्य आणि मूल समजत्या वयाचे असल्यास त्याची पसंती विचारात घेतली जाते. हिंदू अज्ञानत्व व पालकत्व अधिनियम, १९५६ च्या कलम १३ ने मुलाचे हित सर्वोपरी मानले आहे. याच अधिनियमाच्या कलम ६ प्रमाणे पाच वर्षांखालील मुलाचा ताबा सामान्यतः आईकडे असतो.

तडजोडपत्राचे स्थान

परस्परसंमतीच्या घटस्फोटात पतिपत्नी बहुधा ताबा, भेटीचे दिवस व सुट्ट्यांची वाटणी लेखी ठरवून घेतात. मात्र मूल त्या कराराचा पक्षकार नसते. सर्वोच्च न्यायालयाने १९७३ मधील एका निकालात स्पष्ट केले की, ताब्याचे आदेश स्वभावतःच तात्पुरते असतात आणि ते संमतीने झालेले असले तरी मुलाच्या हितासाठी बदलता येतात. तसेच मुलाचा निर्वाहखर्चाचा हक्क आईवडिलांच्या आपसांतील समझोत्याने संपत नाही.

अपील आणि फेरबदल

कौटुंबिक न्यायालय अधिनियम, १९८४ च्या कलम १९ नुसार कौटुंबिक न्यायालयाच्या अंतिम निर्णयावर ३० दिवसांत उच्च न्यायालयात अपील करता येते. ते किमान दोन न्यायाधीशांच्या पीठापुढे चालते. संमतीने झालेल्या आदेशावर मात्र अपील करता येत नाही. अशा वेळी फेरबदलाच्या अर्जाचा मार्ग महत्त्वाचा ठरतो. अपिलात मूळ आदेश योग्य होता का, हे पाहिले जाते. फेरबदलाच्या अर्जात तो आजच्या परिस्थितीत मुलाच्या हिताचा आहे का, हा प्रश्न असतो.

कार्यपद्धती

पालकाचे स्थलांतर, पुनर्विवाह, आजारपण, मुलाची हेळसांड, भेटींत सतत आणलेला अडथळा किंवा मुलाची बदललेली इच्छा ही अर्जाची कारणे असू शकतात. पूर्वीच्या अटींचा केवळ पश्चात्ताप पुरेसा ठरत नाही. बदललेली परिस्थिती व मुलाचे हित दाखवावे लागते. महाराष्ट्रातील कौटुंबिक न्यायालयांत विवाह समुपदेशकांचे साहाय्य घेतले जाते. न्यायाधीश आपल्या दालनात मुलाशी स्वतंत्रपणे बोलू शकतात. नवा आदेश होईपर्यंत जुना आदेश दोन्ही पालकांवर बंधनकारक राहतो.