सोस्यूरने न लिहिलेले पुस्तक

चिन्हमीमांसेची ओळख करून देणारे कोणतेही पुस्तक उघडा, पहिल्या काही पानांतच फर्दिनां द सोस्यूर भेटतो. चिन्हक आणि चिन्हित ही जोडी, त्या दोहोंतले नाते यादृच्छिक असते हा सिद्धान्त, भाषाव्यवस्था आणि भाषाप्रयोग यांतला भेद, एवढी शिदोरी बांधून विद्यार्थी पुढे जाहिराती, चित्रपट, वृत्तपत्रे यांच्याकडे वळतो. संज्ञापनाच्या वर्गांतही हीच वाट. ही शिदोरी आली १९१६ साली प्रसिद्ध झालेल्या ‘सामान्य भाषाविज्ञानाचे पाठ’ या फ्रेंच ग्रंथातून. त्यावर लेखक म्हणून सोस्यूरचे नाव आहे; पण तो फेब्रुवारी १९१३ मध्येच वारला होता आणि हा ग्रंथ त्याने लिहिलेला नाही. प्रवेशिका हे एका ओळीत उरकतात. माझ्यासारख्या, कोणत्याही विद्यापीठाचा आधार नसताना या विषयात शिरलेल्या वाचकाने मात्र इथेच थोडे थांबावे.

सोस्यूर मूळचा जिनिव्हाचा, जन्म १८५७चा. संस्कृत हा त्याचा जिव्हाळ्याचा विषय. शाळेत संस्कृत घेतलेल्यांना ‘सति सप्तमी’ आठवत असेल. तिच्या शेजारच्या षष्ठीच्या तशाच प्रयोगावर त्याने १८८० साली लाइपझिशला डॉक्टरेट मिळवली. पॅरिसमध्ये दहा वर्षे शिकवून १८९१पासून तो जिनिव्हात संस्कृत शिकवू लागला. १९०६ साली एक सहकारी निवृत्त झाले आणि सामान्य भाषाविज्ञानाचा वर्ग त्याच्याकडे आला. १९०७, १९०८-०९ आणि १९१०-११ असा तीनदा त्याने तो मूठभर विद्यार्थ्यांसमोर घेतला. दर वेळी मांडणी बदलली. चिन्हक-चिन्हित या संज्ञासुद्धा त्याने वापरल्या त्या अगदी शेवटी, मे १९११ मध्ये.

त्याच्या मृत्यूनंतर शार्ल बाली आणि आल्बेर सेशे या दोन सहकाऱ्यांनी विद्यार्थ्यांच्या वह्या गोळा केल्या. दोघांपैकी कोणीही ते वर्ग ऐकलेले नव्हते. ऐकलेल्यांपैकी आल्बेर रीडलिंजर मदतीला होता. तिसऱ्या वर्गाचा पाया धरून त्यांनी तिन्हींचा एकसंध ग्रंथ केला. त्यांच्या कष्टांवाचून आज सोस्यूरचे नाव मोजक्या भाषापंडितांनाच ठाऊक असते, हे आधी मान्य केले पाहिजे. पण सांधे त्यांनी असे लिंपले, की गुरूचे वाक्य कुठे संपले आणि संपादकांचे कुठे सुरू झाले ते कळू नये.

याचे परिणाम दोन ठिकाणी ठळक दिसतात. भाषेचा अभ्यास केवळ भाषेसाठी, तिच्यापुरताच करावा, अशा आशयाचे ग्रंथाचे समारोपाचे प्रसिद्ध वाक्य विद्यार्थ्यांच्या वह्यांत सापडत नाही. ते संपादकांचे आहे. माणसांपासून तोडलेली, बंदिस्त व्यवस्था मांडणारा विचारवंत अशी सोस्यूरची जी प्रतिमा झाली, तिला या वाक्याने मोठा हातभार लावला. दुसरी गोष्ट अनुक्रमाची. तिसऱ्या वर्गात सोस्यूरने आधी जगातल्या भाषांची विविधता, प्रदेशागणिक होणारे बदल यांचा विचार केला आणि मग तो ‘भाषा’ या अमूर्त कल्पनेकडे आला. ग्रंथात अमूर्त सिद्धान्त आरंभी आले आणि भौगोलिक विवेचन चौथ्या भागात, जिथवर नवखा वाचक सहसा पोहोचत नाही.

आपल्याकडे म्हाइंभटांनी चक्रधरांच्या आठवणी जमवल्या, नागदेवाचार्यांकडून तपासून घेतल्या. लीळाचरित्राच्या परंपरेत पाठभेद सांगणाऱ्याच्या नावानिशी जपलेले दिसतात. कोणाची आठवण काय म्हणते, हे वाचकासमोर उघडे राहते. जिनिव्हातल्या संपादकांनी नेमकी हीच खूण पुसली.

ती पुन्हा शोधायला चाळीस वर्षे गेली. १९५७ साली रोबेर गोदेलने ग्रंथाची हस्तलिखित साधने अभ्यासून प्रसिद्ध केली. त्याच वर्षी पॅरिसमध्ये रोलां बार्थचे ‘मिथॉलॉजीज’ निघाले. कुस्ती, वाइन, साप्ताहिकाचे मुखपृष्ठ यांतले अर्थ उलगडून त्याने अखेरच्या निबंधात सोस्यूरच्या कल्पनांना समाजाच्या वाचनाचे हत्यार केले. एकीकडे ग्रंथाचे सांधे उकलले जात होते, दुसरीकडे त्याच ग्रंथावर नवी विद्याशाखा उभी राहत होती. पुढे एमिल कॉन्स्तांतॅंच्या तपशीलवार वह्या उजेडात आल्या आणि १९९६ साली सोस्यूर घराण्याच्या वास्तूत खुद्द त्याच्या हातची टिपणे सापडली.

अटलांटिकपलीकडचा दुसरा संस्थापक चार्ल्स सँडर्स पर्स याचीही कथा फारशी वेगळी नाही. सादृश्याने, प्रत्यक्ष संबंधाने आणि संकेताने अर्थ देणारी चिन्हे, हे त्याचे त्रिविध वर्गीकरण आज सर्वत्र शिकवले जाते. पण तो १९१४ साली वारला आणि त्याच्या लेखनाचे खंड निघू लागले १९३१पासून.

मग प्रवेशिका टाकून द्यायच्या का? मुळीच नाही. सोस्यूरनेच सांगितले, की चिन्हाचे मूल्य त्याच्या व्यवस्थेतल्या जागेवरून ठरते. ही कसोटी त्याच्या नावावरच्या ग्रंथालाही लावता येते: विधान तेच, पण ते पहिल्या पानावर आले की एक अर्थ, तीनशेव्या पानावर गेले की दुसरा.

म्हणून माझी सूचना साधी आहे. प्रवेशिका वाचून झाल्यावर मूळ ग्रंथ हाती घ्याल, तेव्हा चौथा भाग आधी वाचा. बोलींना नैसर्गिक सीमारेषा नसतात, एक बोली दुसरीत नकळत मिसळत जाते, हे तिथे सांगितले आहे. दर बारा कोसांवर भाषा बदलते हे लहानपणापासून ऐकलेल्या, मालवणी कुठे संपते आणि कोंकणी कुठे सुरू होते यावर वाद घालणाऱ्या आपल्या वाचकाला तो सोस्यूर परका वाटणार नाही. मग मागे फिरून पहिला भाग वाचा. चिन्हाच्या त्या कोरड्या आकृतीमागे बोलणारी माणसे दिसू लागतील.