दुहेरी घोंगडी

देऊळगाव राजाच्या बालाजी मंदिरासमोरून निघा आणि जालन्याचा रस्ता धरा. वर्षं मागे पडू द्या. आधी मोटारी नाहीशा होतील, मग डांबर. शेजारच्या सिंदखेडहून लखुजी जाधवांची लेक जिजाऊ भोसल्यांच्या घरी निघालेली दिसेल. नवरदेवाचं नाव शहाजी, धाकट्या दिराचं शरीफजी. मालोजीराजांनी अहमदनगरच्या शाह शरीफ पिराच्या नावावरून मुलांची ही नावं ठेवली. थोडं थांबून बघा, कारण या मुलखात फकिराचा शब्द घराघरांत कसा पोचला होता ते इथं कळतं. मग आणखी मागे चला. बालाजीचं देऊळ उठायचं आहे, जाधवांचं नावही अजून गाजलेलं नाही.

साल 1332. जालन्यावरून पुढे देवगिरीला पोचा. यादवांच्या या देवगिरीला आता दौलताबाद म्हणतात. मुहम्मद तुघलकानं 1327 मध्ये दिल्लीची माणसं इथं आणून बसवली, आणि घर सुटल्याचं दुःख त्यांच्या बोलण्यात अजून ताजं आहे. तरीही एका अंगणातून हसण्याचा आवाज येतोय. चपला बाहेर काढा, आत जा.

मधोमध बसलेले, सत्तरी ओलांडलेले म्हातारबाबा म्हणजे शेख बुऱ्हाणुद्दीन गरीब, दिल्लीच्या निजामुद्दीन औलियांचे शिष्य. कडेला रुक्नुद्दीन काशानी कागद सांभाळून बसलाय. शेखांच्या बैठकीतलं बोलणं तो गेल्या वर्षापासून टिपून ठेवतोय, आणि 1337 मध्ये शेख जाईपर्यंत टिपत राहणार आहे. शेखांच्या गोड, मिश्कील बोलण्यावर दिल्लीत अमीर खुसरो आणि अमीर हसन सिज्जी यांच्यासारखे कवी लुब्ध होते. हसन आता दौलताबादेतच असतो.

तुमच्या शेजारचा मुरीद, म्हणजे शेखांचा शिष्य, कानाशी लागून दिल्लीतली एक जुनी हकीकत सांगू लागतो. वयानं थकलेले बुऱ्हाणुद्दीन घोंगडी दुहेरी करून तिच्यावर बसायचे. हाडांना जमीन टोचे, एवढंच कारण. दोघांनी औलियांकडे चुगली केली की हे आता गादीवर बसून पीर झालेत. पुढच्या भेटीत औलिया त्यांच्याशी एक शब्द बोलले नाहीत, आणि सेवकाकरवी निरोप आला: निघा. बुऱ्हाणुद्दीन घरी जाऊन असे शोकात बसले, की लोक समाचाराला येऊ लागले. शेवटी खुसरो गळ्यात पागोटं अडकवून, गुन्हेगारासारखा गुरूपुढे उभा राहिला. दरबारचा मानकरी कवी आणि हा अवतार! औलिया विरघळले, मित्राला माफी मिळाली.

एका घोंगडीच्या घडीपायी एवढं? हसू येतंच, आणि खुशाल येऊ द्या. पण मला त्या गुरूची धास्ती पटते. मोठेपणा माणसाच्या बुडाखाली असाच एकेका घडीनं वाढत जातो, आणि बसणाऱ्याला ते सगळ्यांत शेवटी कळतं. त्याहून मोलाचं हे, की त्यांच्या सूफी पंथानं ही फजिती झाकली नाही. पंथातल्याच मीर खुर्दनं ती ‘सियर-उल-औलिया’त लिहून ठेवली. आपल्या वंदनीय माणसाची अशी आठवण जपायला मन फार निर्मळ लागतं.

आता कव्वाल सूर लावतात. शेख उठतात, काठी बाजूला ठेवून डोलू लागतात. त्यांच्या या नाचण्याची ढब इतकी वेगळी, की तसं नाचणाऱ्यांना ‘बुऱ्हाणी’ म्हणत. तुम्हीही उठा, इथं कुणी कुणाकडे बघत नाही.

मग पाच वर्षं पुढे या. वरच्या डोंगरावर शेखांची कबर झालीय. पुढे तापीकाठी फारुकी सुलतान त्यांच्या नावानं बुऱ्हाणपूर वसवतील. डोंगरावरच्या या वस्तीला लोक रौझा म्हणतील आणि नंतर खुलदाबाद. हसन सिज्जीही तिथंच विसावलाय. त्याच्या कबरीवर साखर ठेवून ती लहान मुलांना चाटायला लावतात. पोराची बुद्धी आणि वाणी त्यानं तल्लख होते, अशी तिथल्या लोकांची श्रद्धा आहे.