वतन : भोर-वेल्ह्याच्या खोऱ्यांतील एक शब्द

आजच्या विषयाला मी जरा दुरून हात घालणार आहें. भूमध्य समुद्राच्या पूर्वकिनाऱ्यावर लेबनान नांवाचा एक चिमुकला डोंगराळ देश आहे. 1943 सालीं तो फ्रेंचांच्या अंमलाखालून मोकळा झाला, तेव्हां तेथील पुढाऱ्यांनीं आपसांत एक अलिखित करार केला. राष्ट्राध्यक्ष मॅरोनाइट ख्रिस्ती असावा, मुख्य प्रधान सुनी मुसलमान असावा, आणि विधिमंडळाचा अध्यक्ष शिया असावा. या वांटणीला 1932 च्या शिरगणतीचा आधार होता. त्यानंतर तेथें सरकारी शिरगणती झालीच नाहीं. माणसें मोजलीं तर वांटणी मोडेल ही धास्ती! या व्यवस्थेला त्या देशांत 'ताइफिया' म्हणतात, कारण 'ताइफा' म्हणजे पंथ किंवा जमात. आणि मौज अशी कीं, हाच अरबी शब्द फारसीच्या वाटेनें आपल्या मराठींत आला, तो 'तायफा' होऊन. ज्या शब्दावर तिकडे सारें राज्ययंत्र उभें राहिलें, तो इकडे नाचगाण्याच्या मेळाव्यापुरता उरला.

परंतु दुसरा एक शब्द असा आहे कीं, त्याची गोष्ट नेमकी उलट आहे. तो शब्द म्हणजे 'वतन'. अरबींत वतन म्हणजे स्वदेश, मायभूमि. लेबनानचा कवि वतन म्हणतो तेव्हां सारा देश त्याच्या डोळ्यांपुढें असतो. आमच्या मावळांतला देशमुख वतन म्हणे तेव्हां त्याच्या डोळ्यांपुढें एका नदीचें खोरें असे; त्यांतील हक्क, मान, इनाम जमीन आणि वाडवडिलांचीं थडगीं असत. देशाएवढा मोठा शब्द खोऱ्याएवढा झाला खरा, पण त्यासाठीं माणसें प्राण देत व घेत. हा शब्द उलगडला म्हणजे भोर व वेल्हे या दोन तालुक्यांतील समाज बराचसा उलगडतो.

मावळ म्हणजे मावळतीचा मुलूख. सह्याद्रीच्या पूर्व उतारावरून ज्या नद्या निघतात त्यांचीं अरुंद खोरीं, हीच येथील समाजाची घडण. नीरेच्या उगमाकडचें हिरडस मावळ बांदलांचें. भोरच्या आसपासचें रोहिडखोरें जेधे व खोपडे यांचें. गुंजवणीकांठचें गुंजण मावळ शिळिमकरांचें. तोरण्याच्या पायथ्याचें कानदखोरें मरळांचें. मधल्या डोंगरधारा उंच, पावसाळ्यांत वाटा बंद. अशा मुलखांत बादशहा विजापुरास असला काय नि दिल्लीस असला काय, रयतेला ठाऊक असे तो आपल्या खोऱ्याचा देशमुख. लेबनानच्या डोंगरांतहि हाच प्रकार होता. तेथें जुंबलात, खाझिन अशीं घराणीं एकेक दरी धरून बसलेलीं होतीं, आणि तुर्की सुलतानाचा सारा त्यांच्याच हातून वसूल होई. डोंगर आपल्या माणसांना एकाच तऱ्हेचें राजकारण शिकवितो कीं काय, कोण जाणे!

वतन ही एकट्याची मालमत्ता नव्हे, ती घराण्याची. म्हणून तिच्या पोटांतून 'तक्षीम' आणि 'भाऊबंदकी' हे दोन शब्द निघाले. तक्षीम म्हणजे वांटा, हाहि अरबीच. भाऊबंदकी मात्र अस्सल आपली. भाऊबंद या प्रेमाच्या शब्दाला एक लहानसा प्रत्यय लागतांच त्याचा अर्थ वैर असा व्हावा, याला इतिहास कारण आहे. जेध्यांच्या करिन्यांत तो इतिहास वाचावयास मिळतो. कान्होजी जेधे तान्हे असतां त्यांचे वडील नाईकजी यांना सख्ख्या भावांनींच वतनाच्या लोभानें मारलें. देवजी महाला नांवाच्या इमानी सेवकानें आणि दाईनें त्या पोराला वांचविलें. पुढें मोसेखोऱ्याच्या बाजी पासलकरांनीं आपली मुलगी त्यांना दिली. त्या मुलखाचा पुढील सारा इतिहास अशा एका पळवून नेलेल्या तान्ह्या मुलावर अवलंबून होता.

तंटा पडला म्हणजे 'गोतसभा' बसे. पाटील, कुळकर्णी, बलुतेदार, शेजारच्या गांवांचे वतनदार, सारे एकत्र जमून साक्षी ऐकत आणि निवाड्याचा 'महजर' करीत. लिहितां न येणारे आपल्या धंद्याची निशाणी करीत. पाटलाचा नांगर, वाण्याचा तराजू, न्हाव्याचा आरसा. या कागदांतील मजकुरापेक्षां ती शेवटची निशाण्यांची रांगच मला अधिक बोलकी वाटते. कोण गांवांत मोजला जात होता हें तींतून कळतें. जो मिराशी नाहीं तो 'उपरी'. आणि 'उपरा' ही शिवी आपण अजून सोडलेली नाहीं.

आतां 1659 सालाकडे वळूं. अफझलखान विजापुराहून निघाला, आणि जून महिन्यांत आदिलशहाचीं फर्मानें मावळच्या देशमुखांना पोंचलीं : खानास येऊन मिळा, न मिळाल तर परिणाम भोगा. प्रश्न सरळ होता, वतन ठेवावयाचें कीं घालवावयाचें? एकाच रोहिडखोऱ्यांत दोन उत्तरें निघालीं. खंडोजी खोपडे खानाकडे गेले. कान्होजी जेधे फर्मान घेऊन पांच मुलांसह शिवाजीमहाराजांकडे आले. महाराजांनीं त्यांना स्पष्ट सांगितलें कीं, आमच्याबरोबर राहाल तर वतनास मुकाल. तेव्हां कान्होजींनीं हातांत पाणी घेऊन वतनावर सोडलें, असें करिना सांगतो. एखाद्या गोष्टीवर 'पाणी सोडणें' हा वाक्प्रचार आपण दिवसांतून दहादां वापरतों. त्यामागें केवढें धैर्य असूं शकतें हें अशा प्रसंगीं कळतें.

हा प्रसंग अनेकदां केवळ दोन धर्मांचा झगडा म्हणून रंगविला जातो. तसें करणारांनीं खोपड्यांचें काय करावयाचें तें सांगावें. जेधे आणि खोपडे एकाच खोऱ्याचे, एकाच जातीचे, एकाच दैवताला नवस बोलणारे. त्यांना विभागणारी रेघ वतनाची होती. लेबनानविषयीं लिहिणारेहि सारें खापर पंथांवर फोडतात. पण तेथेंहि 1858 सालीं किसरवानचे मॅरोनाइट शेतकरी उठले ते आपल्याच पंथाच्या खाझिन जमीनदारांवर, तानियूस शाहीन याच्या पुढारपणाखालीं. पंथांची मोठी कत्तल झाली ती दोन वर्षांनीं, 1860 सालीं. घराण्याचें आणि जमिनीचें भांडण अगोदरचें आहे. पंथाचें नांव त्याला मागाहून चिकटलें, आणि मग तेंच खरें होऊन बसलें.

खंडोजी पुढें पकडले गेले. कान्होजींनीं त्यांच्या जिवासाठीं रदबदली केली. महाराजांनीं जीव राखला, पण उजवा हात व डावा पाय तोडविला. शिक्षा कठोर होती यांत शंका नाहीं. परंतु ज्याच्याविरुद्ध खोऱ्यांत तलवार उपसली त्याच्याच प्राणासाठीं कान्होजींनीं शब्द खर्चावा, हें मावळच्या समाजाचें दुसरें अंग. गोत म्हणजे शत्रूसुद्धां आपला. बांदल आणि जेधे यांचेंहि जुनें वैर होतें. पण 1660 च्या जुलैमध्यें घोडखिंडींत बांदलांची फौज व त्यांचे देशपांडे बाजी प्रभु कामास आले, तेव्हां दरबारांतील तलवारीचें पहिलें पान जेध्यांनीं बांदलांना दिलें, अशी परंपरा आहे. हक्क सोडणें हाहि एक मान होता.

शिवाजीमहाराजांना वतनदारांचें हें सामर्थ्य आणि हा धोका दोन्ही ठाऊक होते. सभासद सांगतो कीं, महाराजांनीं वतनदारांचे बुरुजबंद वाडे पाडविले व त्यांना साध्या घरांत राहावयास लावलें. त्याचबरोबर शब्दांचीहि डागडुजी चालली. राज्याभिषेकानंतर राजव्यवहारकोश तयार झाला, आणि 'सुरनीस' हा 'सचिव' झाला. राजवाड्यांनीं निरनिराळ्या काळचे कागद घेऊन शब्द मोजले. 1628 च्या कागदांत मराठी शब्द शेंकडा 14 च्या आसपास, 1677 च्या कागदांत निम्म्याहून अधिक, आणि 1728 च्या कागदांत शेंकडा 90 च्याहि वर. तीन-चार कागदांवर एवढा मोठा सिद्धांत उभारणें धाडसाचें आहे, हें मीं मोकळेपणानें म्हणावें. पण एक गोष्ट या मोजणींत दिसत नाहीं. दरबारांतले हुद्दे बदलले. गांवांतले 'वतन', 'मिरास', 'तक्षीम', 'महजर' हे शब्द जागचे हलले नाहींत. राजा कोश करूं शकतो, पण जमिनीची भाषा बदलणें त्याच्याहि हातीं नसतें.

आणि वतनाची ओढ किती चिवट होती पाहा. 1689 मध्यें संभाजीमहाराज गेले, राजाराममहाराज जिंजीस गेले, आणि औरंगजेबाची फौज मुलखांत पसरली. देशमुख मोंगलांकडे जाऊं नयेत म्हणून रामचंद्रपंत आणि शंकराजी नारायण यांना वतनें व इनामें पुन्हां मोकळ्या हातानें द्यावीं लागलीं. 1697 सालीं शंकराजींना सचिवपद मिळालें. त्यांच्याच वंशजांचें पुढें भोर संस्थान झालें. ज्या रामचंद्रपंतांनीं वतनें वांटलीं, त्यांच्याच नांवावर असलेल्या आज्ञापत्रांत वतनदारांच्या लोभाविषयीं इतका कडक इशारा आहे कीं, तो वाचतांना हात पोळलेल्या माणसाची आठवण होते.

शंकराजींचा शेवट मात्र मनाला चटका लावतो. 1707 सालीं शाहूमहाराज मोंगलांच्या कैदेंतून सुटून आले. शंकराजींनीं ताराबाईंपाशीं शपथ वाहिली होती. धन्याचा खरा वारस तर समोरून येत होता. शपथ मोडावी कीं वारसावर शस्त्र धरावें? दोन्ही न करतां त्यांनीं भोरजवळ आंबवडें येथें आपला देह संपविला. शाहूमहाराजांनीं त्यांच्या अल्पवयी मुलाला, नारो शंकर यांना, सचिवपद दिलें. आंबवड्याला शंकराजींची समाधि आहे, आणि कान्होजी जेध्यांचीहि तेथेंच आहे. एकानें वतनावर पाणी सोडलें, दुसऱ्यानें देहावर. दोघांपुढला प्रश्न एकच होता, कीं माणूस शेवटीं बांधलेला कोणाला?

मानाच्या या गोष्टी सांगतांना वतनाची काळी बाजू झांकून ठेवणें अप्रामाणिकपणाचें होईल. देशमुखाचें वतन म्हणजे हक्क. महाराचें वतन म्हणजे रात्रंदिवस राबण्याची सक्ती. टपाल न्यावें, सरहद्दीची साक्ष द्यावी, मेलेलें जनावर ओढावें, आणि बदल्यांत जमिनीचा तुकडा व घरोघरची भाकर. 'वतनदार' या एकाच भारदस्त शब्दाखालीं वाड्यांतला धनी आणि गांवकुसाबाहेरचा वेठबिगार दोघेहि नांदत. डॉ. आंबेडकरांनीं 1928 सालीं मुंबईच्या कायदेमंडळांत या वतनाविरुद्ध विधेयक आणलें, तें याच शब्दाचा मुखवटा काढण्यासाठीं. कायद्यानें हें सारें मिटावयास बराच काळ लागला. परगणा व कुळकर्णी वतनें 1950 च्या कायद्यानें गेलीं, आणि महारकीसारखीं कनिष्ठ गांववतनें 1958 च्या.

भोर संस्थान त्यापूर्वींच, 8 मार्च 1948 रोजीं मुंबई प्रांतांत विलीन झालें. त्याचा विस्तार थेट घाटाखालीं सुधागडापर्यंत होता. संस्थान गेलें, वतनें गेलीं. मग काय उरलें? घराण्यांविषयींचा जिव्हाळा उरला. जेध्यांच्या कुळांतील केशवराव जेधे पुण्यांत ब्राह्मणेतर चळवळीचे, पुढें काँग्रेसचे व नंतर शेतकरी कामगार पक्षाचे मोठे पुढारी झाले. भोर मतदारसंघांत अनंतराव थोपटे व त्यांच्या मागून त्यांचे पुत्र संग्राम थोपटे अनेक वेळां निवडून आले; 2024 सालीं शंकर मांडेकर यांनीं तो क्रम मोडला. मतपेटी कोणाहि घराण्याच्या तक्षिमेंत लिहून दिलेली नसते, हा वतनांत आणि निवडणुकींत मोठाच फरक आहे. लेबनानांत 1975 पासून 1990 पर्यंत यादवी झाली, आणि 1989 च्या ताइफ करारानें ख्रिस्ती व मुसलमान यांना विधिमंडळांत समसमान जागा मिळाल्या. पण त्या जागांवर पंथांचीं नांवें राहिलींच.

कान्होजींच्या घराण्यानें आणखी एक वतन जपलें, तें कागदांचें. कारीच्या दयाजीराव जेध्यांनीं आपल्या दप्तरांतील शकावली लोकमान्य टिळकांना दिली, आणि त्यांनीं ती 1916 सालीं प्रसिद्ध केली. शिवाजीमहाराजांचा जन्म शके 1551 च्या फाल्गुन वद्य तृतीयेचा, म्हणजे 19 फेब्रुवारी 1630 चा, हें त्या शकावलीनें पुढें आणलें. एका डोंगरी गांवच्या रुमालांत बांधलेल्या कागदानें साऱ्या महाराष्ट्राचें पंचांग दुरुस्त केलें!

शेवटीं एका नांवाची गोष्ट. महाराजांनीं मुरुंबदेवाचा राजगड केला, तोरण्याला प्रचंडगड हें नांव दिलें. रोहिडा पुढें विचित्रगड म्हणून ओळखला जाऊं लागला. भोर संस्थानानें आपल्या तालुक्यांना हींच नांवें दिलीं होतीं : विचित्रगड, राजगड, प्रचंडगड, सुधागड, आणि पांचवा पवनमावळ. संस्थान विलीन झाल्यावर इकडच्या तालुक्यांच्या कागदांवरून गडांचीं नांवें उतरलीं आणि भोर, वेल्हे अशीं गांवांचीं नांवें चढलीं. मार्च 2024 मध्यें महाराष्ट्राच्या मंत्रिमंडळानें वेल्हे तालुक्याला राजगड हें नांव देण्याचा निर्णय घेतला, तेव्हां वर्तमानपत्रांनीं तें नवें नांव म्हणून छापलें. सचिवांच्या जुन्या दप्तरांत तें अगोदरच लिहिलेलें होतें.