आडोसा, दार आणि लोकलचे वेळापत्रक

घरातला एकांत नुसत्या चौरस फुटांत मोजता येत नाही. जनगणनेच्या घरयादीत कुटुंबाकडे राहत्या खोल्या किती आणि घरात विवाहित जोडपी किती, असे दोन्ही प्रश्न असतात. हे आकडे शेजारी ठेवले की जागेची ओढाताण कळते. जागा नसतानाही एकांत कसा साधतात आणि तो कोणाच्या वाट्याला येतो, हे मात्र त्यांतून कळत नाही.

उल्हासनगर वसले ते दुसऱ्या महायुद्धातल्या कल्याणच्या लष्करी छावणीत. फाळणीनंतर तिथल्या बराकींत सिंधी निर्वासित आले; ८ ऑगस्ट १९४९ रोजी सी. राजगोपालाचारी यांनी शहराची कोनशिला बसवली. बराकी सैनिकांसाठी होत्या, जोडप्यांचा विचार त्यांत कुठून असणार? आडोसा गोणपाटाचा नाहीतर चादरीचा. कापड नजर अडवते, आवाज नाही. अशा घरात एकांत शेजाऱ्याच्या सभ्यतेवर चालतो: ऐकू आले तरी ऐकले नाही असे वागायचे.

बदलापूर-अंबरनाथच्या वन आरकेत भिंती पक्क्या आहेत, आणि तिथे आडोशाचे काम वेळ करते. बदलापूरहून सीएसएमटी सुमारे ६८ किलोमीटर. सासरे पहाटेच्या लोकलने निघाले, मुलगा एमआयडीसीतल्या दुसऱ्या पाळीला म्हणून सकाळी घरी असला, सासूबाई भजनाला गेल्या, की मधल्या तासाभरात खोली नवराबायकोची. रात्री तिथेच गाद्या पडतात, कूस बदलली तरी सगळ्यांना कळते. रविवारी सगळे घरी, म्हणून एकांत सर्वांत कमी सुट्टीच्या दिवशी!

या वाटणीत सुनेचा हिस्सा सर्वांत लहान. पुरुषाला नाका आहे, स्टेशनबाहेरची टपरी आहे. तिला माहेरी मोकळेपणी बोलायचे तर कपडे वाळत घालायच्या निमित्ताने गच्ची, नाहीतर लेडीज डबा. शेदीडशे अनोळखी बायकांत तिला घरच्यापेक्षा जास्त एकांत मिळतो, हे मला या सगळ्यातले सर्वांत बोलके वाटते.

२४ ऑगस्ट २०१७ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायाधीशांनी खासगीपणा हा मूलभूत हक्क ठरवला. तो मुख्यतः सरकारसमोर मागायचा. सासूसमोर घटनेचे कलम २१ दाखवून भागत नाही. तिथे घराचा नकाशाच कामाला येतो. वन बीएचकेत एकुलत्या संडासाचे दार बेडरूममध्ये उघडत असेल, तर रात्री सगळे घर तिथूनच ये-जा करणार. म्हणून फ्लॅट बघायला जाल तेव्हा हॉलची लांबी-रुंदी नंतर विचारा, आधी ते दार कुठे उघडते ते बघा.