दोन आडव्या रेघा

शाळेत असताना उंबरमाळीच्या घरी पणजोबांच्या ट्रंकेत मला जुनी पाकिटं सापडली. तिकिटं पाण्यात भिजवून सोडवली आणि पाकिटं बंबात घातली. आज सॉफ्टवेअरच्या नोकरीत कुठलीही नोंद पुसताना हात थबकतो, तो त्यामुळेच.

तिकीट फक्त पैसे सांगतं. रस्ता सांगतात ते शिक्के. ३० मार्च १९२९ला इम्पीरियल एअरवेजची लंडन-कराची सेवा सुरू झाली. तिच्यातही बाझल ते जिनोआ हा टप्पा रेल्वेचाच होता. मुंबईचं टपाल कराचीहून पुढे आगगाडीनं यायचं. १५ ऑक्टोबर १९३२ला जे.आर.डी. टाटांनी पस मॉथ विमानातून कराची-अहमदाबाद-जुहू असं टपाल आणलं. नेव्हिल व्हिन्सेंट ते बेल्लारीमार्गे मद्रासला घेऊन गेले.

त्या काळच्या काही पाकिटांवर हवाई टपालाच्या निळ्या चिठ्ठीवर दोन जाड आडव्या रेघा मारलेल्या दिसतात. नवख्याला वाटतं, पाकीट खराब झालंय. अर्थ साधा असतो: विमान इथवरच, पुढे रेल्वे किंवा जहाज. मागच्या बाजूला पोचल्याचा शिक्का असेल, तर तारखांची वजाबाकी करून प्रवासाचे दिवसही निघतात.

कसाऱ्याची लोकल उंबरमाळीला थांबते तेव्हा वाटतं, आमच्याकडे येणाऱ्या पत्राला शेवटी हाच रूळ लागला असणार. पणजोबांना ती पत्रं कुठून, कशी आली, हे आता कळणार नाही. तिकिटं मात्र अल्बममध्ये अगदी स्वच्छ आहेत.