एका गीताची तबकडी आणि दोन राज्यांची हद्द

कोणत्याही गीताचा इतिहास लिहितांना त्याच्या शब्दांचाच विचार करावयाचा, अशी आपल्याकडे रूढि आहे. शब्द कागदावर राहतात, स्वर हवेंत विरतात, म्हणूनच ती पडली असावी. परंतु ज्या गीतानें राज्यकर्त्यांस अस्वस्थ केलें, तें कोणत्या चालींत, कोणाच्या कंठांतून व कोणत्या साधनानें लोकांच्या कानीं गेलें, हें पाहिल्यावांचून त्याचा इतिहास पुरा होत नाहीं, असें आमचें मत आहे. ‘वंदे मातरम्’चें उदाहरण याच दृष्टीनें पाहण्याजोगें आहे, आणि मराठवाड्यांतील वाचकांस तर तें घरचेंच आहे.

बंकिमचंद्रांच्या ‘आनंदमठ’ कादंबरीबरोबर १८८२ सालीं हें गीत पुस्तकांत आलें. १८९६ च्या कलकत्ता काँग्रेसमध्यें रवींद्रनाथांनीं तें गाइलें. आणि १९०५ च्या वंगभंगानंतर तें केवळ गीत राहिलें नाहीं, घोषणा झालें. त्याच सुमारास कलकत्त्याचे हेमेंद्रमोहन बोस यांनीं तें रवींद्रनाथांच्याच आवाजांत ध्वनिमुद्रित केलें. प्रथम मेणाच्या नळकांड्यावर, पुढें तबकडीवर. सभेस बंदी घालतां येते, मिरवणूक पांगवितां येते. पण जी वस्तु बाजारांत विकत मिळते व दार लावून घरांत ऐकतां येते, तिच्यावर पहारा बसविणें सोपें नव्हे.

तबकडीनें गीतावर आपल्या अटीही लादल्या. मिनिटास ७८ फेरे घेणाऱ्या दहा इंची तबकडीच्या एका बाजूस सुमारें तीनच मिनिटांचें गाणें मावे. कडवीं निवडावीं लागत, आलाप आवरावा लागे. शिवाय गायकागणिक चाल निराळी! विष्णुपंत पागनिसांनीं तें सारंगांत गाइलें, तर मास्तर कृष्णरावांनीं झिंझोटींत. एकच गीत अनेक रूपांनीं घरोघर गेलें, पण हजारोंनीं एका सुरांत म्हणावें अशी एक चाल कांहीं ठरली नाहीं.

आतां आपल्या मुलखाकडे वळूं. मनमाडहून सिकंदराबादेस जाणारा लोहमार्ग औरंगाबाद ओलांडून करमाडवरून जालन्याकडे जातो. १९३८ सालीं मनमाड ब्रिटिश मुलखांत होतें व मुंबई इलाख्यांत बाळासाहेब खेरांचें काँग्रेस मंत्रिमंडळ होतें. करमाड मात्र निजामाच्या राज्यांत. मनमाडास जें गीत मोकळेपणानें म्हणतां येई, तेंच औरंगाबादेच्या कॉलेजच्या वसतिगृहांत प्रार्थना म्हणून गाणें हा अपराध ठरला. त्या वर्षीं सप्टेंबरांत हैदराबाद स्टेट काँग्रेसवर बंदी आली होती, ऑक्टोबरांत सत्याग्रह सुरू झाला होता, आणि नोव्हेंबरांत औरंगाबाद व हैदराबाद येथील विद्यार्थी या गीताच्या हक्कासाठीं उभे राहिले. शेकडों मुलांनीं कॉलेजें सोडलीं. उस्मानिया विद्यापीठानें दार लावलें, तें नागपूर विद्यापीठानें उघडलें. पुढें पंतप्रधान झालेले पी. व्ही. नरसिंह राव त्या मुलांपैकींच एक.

मास्तर कृष्णरावांचा जन्म १८९८ सालीं आळंदीचा. तथापि त्यांच्या फुलंब्रीकर या आडनांवांत आमच्या करमाडपासून फार दूर नसलेली फुलंब्री आहे. मुंबई नभोवाणीवर त्यांनीं हें गीत आरंभितांच प्रक्षेपण थांबविण्यांत आलें. त्यांनीं नभोवाणीवर बहिष्कार घातला व स्वातंत्र्य येईपर्यंत तो पाळला. हें गीत समूहानें म्हणण्यास व बँडवर वाजविण्यास सोयीचें नाहीं, हा आक्षेप होता. त्यास रागानें उत्तर न देतां त्यांनीं तशी चालच बांधून दिल्लीच्या पुढाऱ्यांस ऐकविली. २४ जानेवारी १९५० रोजीं राष्ट्रगीताचा मान ‘जन गण मन’ला मिळाला, ‘वंदे मातरम्’ला त्याच्या बरोबरीचा आदर. कृष्णरावांचे श्रम फळले नाहींत, असें आम्ही म्हणणार नाहीं.

आतां एका आक्षेपाचा विचार न्यायबुद्धीनें केला पाहिजे. पुढील कडव्यांतील देवीचें रूपक व कादंबरीचा संदर्भ यांमुळें मुसलमान बांधवांस हें गीत परकें वाटे, आणि तें कारण खोटें नव्हतें. म्हणूनच १९३७ च्या ऑक्टोबरांत काँग्रेसच्या कार्यकारिणीनें पहिलीं दोनच कडवीं राष्ट्रीय सभांसाठीं ठेविलीं. परंतु जेथें सभेचें व संघटनेचेंही स्वातंत्र्य नव्हतें, त्या राज्यांत बंदीनेंच या गीतास नवा अर्थ दिला. औरंगाबादेच्या मुलांस त्यांत देवता दिसली कीं नाहीं, हा प्रश्न गौण. आपल्या मनाची प्रार्थना आपणच निवडावी, हा त्यांचा आग्रह होता.

१७ सप्टेंबर १९४८ रोजीं निजामाची सत्ता संपली. मनमाड व करमाड यांमधील हद्द पुसली गेली. गीतावर पहारा बसविणारें राज्य गेलें, हें उत्तमच झालें. पण ज्यांनीं या गीतासाठीं शिक्षणावर पाणी सोडलें, त्यांचा वारसा सांगणारांनीं एवढें ध्यानांत ठेवावें कीं, गाण्याची बंदी आणि गाण्याची सक्ति या एकाच नाण्याच्या दोन बाजू होत. त्या मुलांनीं तें गीत गाइलें, तें कोणी सांगितलें म्हणून नव्हे. आणि त्याचें मोलही त्यांतच आहे.